कृपाबाई सत्यनाथन : नगरची कादंबरीकार, निलगिरीची प्रवासिनी

इंग्रजीत कादंबरी लिहिणाऱ्या आरंभीच्या भारतीय स्त्रियांमध्ये कृपाबाई सत्यनाथन यांचे स्थान अग्रभागी आहे. तरीही ज्या मराठी घरसंसारातून त्यांचे लेखन उगवले, त्या मुलखात त्यांचे नाव क्वचितच घेतले जाते, ही खेदाची गोष्ट आहे. त्यांचा जन्म १८६२ मध्ये अहमदनगर येथे झाला. वडील हरिपंत खिस्ती हे मुंबई इलाख्यात ख्रिस्ती धर्म स्वीकारणाऱ्या पहिल्या काही ब्राह्मणांपैकी होते, आणि आई राधाबाई यांना पतीच्या या निर्णयामागोमाग आपले सारे आप्त व आचार मागे टाकून यावे लागले. वडील लवकर वारल्यामुळे कृपाबाईंच्या मनाची जडणघडण मुख्यतः थोरले बंधू भास्कर यांच्या हाताखाली झाली. बहिणीनेही आपल्याप्रमाणे वाचावे आणि विचार करावा, असे मानणाऱ्या या भावाचाही अकाली मृत्यू झाला.

मुंबईतील मिशनरी शाळेत शिकत असताना कृपाबाईंनी डॉक्टर होण्याचे ठरवले. इंग्लंडला जाऊन शिकण्याची संधी चालून आली होती, परंतु नाजूक प्रकृतीमुळे तो बेत सोडून द्यावा लागला आणि १८७८ मध्ये त्यांनी मद्रास मेडिकल कॉलेजात प्रवेश घेतला. स्त्रियांना तेथे प्रवेश मिळू लागून तेव्हा जेमतेम तीन वर्षे झाली होती. पहिल्या वर्षी त्यांनी उत्तम यश मिळवले, पण प्रकृती ढासळल्याने शिक्षण अर्धवट सोडून त्या पुण्यास बहिणीकडे परतल्या. वैद्यकाने एक विदुषी गमावली आणि साहित्याला एक लेखिका मिळाली, असे म्हणून हा तोटा भरून काढता येत नाही. तो सल त्यांच्या लेखनातही जागोजागी जाणवतो.

पुढे केंब्रिजमध्ये शिकून आलेल्या सॅम्युएल सत्यनाथन यांच्याशी विवाह झाल्यावर त्या निलगिरी पर्वतातील उटकमंड, म्हणजे आजचे उटी, येथे राहू लागल्या. तेथे त्यांनी मुसलमान मुलींसाठी शाळा चालवली आणि ‘एक भारतीय स्त्री’ अशा अर्थाच्या टोपणनावाने तोडा लोकांच्या वस्तीला दिलेल्या भेटीचे वर्णन एका स्थानिक वृत्तपत्रात प्रसिद्ध केले. तोडा ही निलगिरीच्या पठारावर म्हशी पाळून राहणारी जमात असून अर्ध्या पिंपाच्या आकाराच्या त्यांच्या पारंपरिक झोपड्यांचे दार इतके ठेंगणे असते की आत रांगतच जावे लागते. या जमातीविषयी त्या काळी गोरे अधिकारी व मिशनरी विपुल लिहीत होते. अशा वेळी एका भारतीय स्त्रीने तेथे स्वतः जाऊन, आपल्या डोळ्यांनी पाहून लिहावे, ही घटना त्या लेखाच्या छोट्या आकारापेक्षा फार मोठी आहे. कृपाबाईंचे प्रवासलेखन थोडेच आहे, परंतु स्त्रीने किती दूरवर चालत जावे आणि काय पाहावे, हा त्यातला प्रश्न त्यांच्या कादंबऱ्यांतूनही पुनःपुन्हा उभा राहतो.

‘सगुणा’ ही आत्मचरित्रात्मक कादंबरी, म्हणजे स्वतःच्या आयुष्याचे धागे काल्पनिक पात्रांच्या नावाने विणलेली कथा, १८८७-८८ मध्ये मद्रासच्या एका ख्रिस्ती महाविद्यालयाच्या मासिकातून क्रमशः प्रसिद्ध झाली. तिच्यातील सर्वांत जिवंत भाग आईचा आहे: धर्म बदलणाऱ्या पतीच्या मागे जाताना राधेची होणारी घालमेल कृपाबाईंनी इतक्या समजुतीने रंगवली आहे की धर्मांतराची किंमत घरातली बाई कशी मोजते, हे ख्रिस्ती लेखिकेच्याच लेखणीतून उमगते.

‘कमला’ या त्यांच्या दुसऱ्या कादंबरीत ही समजूत अधिक खोल जाते. डोंगरावर विरक्त पित्याच्या सहवासात वाढलेली कमला विवाहानंतर सासरच्या चार भिंतींत येते, तेथे तिच्या वाचनाचीही हेटाळणी होते, आणि पुढे तिला वैधव्य येते. या ठिकाणी बाबा पदमनजी यांच्या १८५७ मधील ‘यमुनापर्यटन’ या मराठी कादंबरीची आठवण होणे अपरिहार्य आहे. तिची नायिका यमुनाही विधवा होते, पण ख्रिस्ती होऊन पुनर्विवाह करते, आणि लेखकाचा सुधारणेचा पक्ष तेथे सिद्ध होतो. कृपाबाईही ख्रिस्तीच होत्या, तरी त्यांनी कमलेला हिंदूच ठेवले. तिच्यावर प्रेम करणारा सुशिक्षित रामचंदर पुनर्विवाहाचा प्रस्ताव मांडतो तेव्हा मनात ओढ असूनही ती नकार देते आणि उरलेले आयुष्य परोपकारात घालवते. हा नकार काही वाचकांना माघार वाटेल. पण संस्कारांची पकड एका युक्तिवादाने सुटत नाही, हे कृपाबाईंनी जाणले होते, आणि नायिकेला सोयीस्कर मुक्ती देऊन त्यांनी या जाणिवेशी प्रतारणा केली नाही.

स्वतःचे एकुलते मूल तान्हेपणीच गमावलेल्या आणि दीर्घ आजाराने खंगलेल्या कृपाबाई १८९४ मध्ये, वयाच्या अवघ्या बत्तिसाव्या वर्षी, मद्रास येथे निवर्तल्या. ‘सगुणा’ पुस्तकरूपाने आली ती त्यानंतर, १८९५ मध्ये. पुढल्या वर्षी त्यांचे स्फुट लेखनही संग्रहित झाले आणि दोन्ही कादंबऱ्या लवकरच तमिळमध्ये गेल्या, म्हणजे नगरच्या राधाबाईंची कथा मद्रासकडच्या घरांत तिथल्याच भाषेत वाचता येऊ लागली.