नाव विचारण्यापूर्वी

कसबा बावड्यात आमच्या वस्तीतल्या काही विद्यार्थ्यांना मध्यंतरी 'जागते रहो' हा १९५६ सालचा चित्रपट दाखवला. दाखवला म्हणजे एका घरातल्या मोठ्या टीव्हीसमोर पंधरा-सोळा मुले-मुली दाटीवाटीने बसवली, एवढेच. चित्रपट संपल्यावर अकरावीतली एक मुलगी म्हणाली, "सर, सगळं बरोबर हाय, पन त्या बाईनं पानी घालायच्या आधी त्येला आडनाव इचारलंच न्हाई की." मुले हसली. मला हसू आले नाही. चित्रपटांवर लिहिणाऱ्या पुष्कळांचे वाचले आहे, पण हा प्रश्न कुणी इतक्या सरळपणे विचारल्याचे आठवत नाही.

चित्रपट ज्यांनी पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. खेड्यातून कलकत्त्याला आलेला एक तहानलेला शेतकरी रात्री पाण्यासाठी एका मोठ्या इमारतीच्या आवारात शिरतो. लोक त्याला चोर समजतात. जीव वाचवण्यासाठी तो या बिऱ्हाडातून त्या बिऱ्हाडात लपत राहतो आणि प्रतिष्ठित मंडळींचे खरे धंदे त्याच्या डोळ्यांसमोर उघडे पडत जातात. रात्रभर त्याला घोटभर पाणी मिळत नाही. पहाटे एक स्त्री त्याच्या ओंजळीत पाणी ओतते आणि चित्रपट संपतो. राज कपूर आणि नर्गिस यांचा हा प्रसंग हिंदी चित्रपटातला अत्यंत मंगल प्रसंग मानला जातो. आमच्या वस्तीतल्या एखाद्या म्हातारीला मात्र त्यात वेगळेच काही दिसेल. वरून पाणी ओतणारी बाई आणि खाली ओंजळ धरून बसलेला माणूस हे चित्र तिने पडद्याबाहेर उभ्या आयुष्यात पाहिलेले असते. तिथे ते मंगल नव्हते.

अनोळखी माणसे एकमेकांच्या मदतीला येतात, अशा चित्रपटांचा एक मोठा प्रवाह जगभर आहे. वाट चुकलेले मूल, परागंदा झालेला माणूस, एकटी बाई आणि त्यांना हात देणारा कुणी अपरिचित, हा त्यांचा साचा. हे चित्रपट लोकांना आवडतात, कारण नात्यागोत्यावाचून, लाभावाचून माणूस माणसासाठी काही करतो, हे पाहण्याची भूक सर्वांनाच असते. ती भूक खोटी आहे असे मी म्हणणार नाही. परंतु या कथा एक गोष्ट गृहीत धरून चालतात. ती गृहीत गोष्ट अशी की, दोन माणसे केवळ 'माणसे' म्हणून समोरासमोर येऊ शकतात. आपल्या समाजात 'अनोळखी' या शब्दाला फार थोडे आयुष्य असते. गाव कुठले, गल्ली कुठली, आडनाव काय, पाहुणे कुठले, या चार प्रश्नांत ते संपते. त्यानंतर समोर उभी असते ती जात. म्हणून मदतीचे चित्रपट पाहताना मदत नाव विचारण्यापूर्वी झाली की नंतर, हे आधी तपासले पाहिजे.

याचे सर्वांत स्पष्ट उदाहरण चित्रपटातले नाही, चरित्रातले आहे. १९०१ साली लहानगे भीमराव, त्यांचे बंधू आणि भाचे साताऱ्याहून वडिलांकडे जायला निघाले आणि मसूर स्टेशनवर उतरले. न्यायला कुणी आले नव्हते. मुलांचे कपडे नीटनेटके होते. स्टेशनमास्तरला ती चांगल्या घरची वाटली, त्याने आपुलकीने चौकशी केली. इथवर सगळे अगदी चित्रपटासारखे आहे. मग त्याने 'तुम्ही कोण?' असे विचारले आणि मुलांनी खरे उत्तर दिले. त्यासरशी त्याचा चेहरा पालटला. बैलगाडीवाले दुप्पट भाड्यालाही त्यांना न्यायला तयार होईनात. शेवटी एक जण तयार झाला, तोही अशा अटीवर की गाडी मुलांनी हाकायची आणि तो बाजूने चालणार. बरोबर खाण्याचे होते, पण रात्रभर पाणी मिळाले नाही. बाबासाहेबांनी हे स्वतः लिहून ठेवले आहे. 'जागते रहो'मधला माणूस आणि मसूरची मुले दोघेही तहानलेले आहेत, दोघांची रात्र तशीच गेली आहे. पण शेतकऱ्याला लोक चोर समजतात आणि तो गैरसमज पहाटे मिटू शकतो. मसूरला कसलाही गैरसमज नव्हता. ओळख पटली म्हणून पाणी मिळाले नाही.

आता आपल्या कोल्हापूरच्या परंपरेकडे पाहू. व्ही. शांताराम १९०१ साली इथेच जन्मले, बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत शिकले, आणि १९२९ साली ज्यांनी कोल्हापुरात 'प्रभात' उभी केली त्यांच्यापैकी ते एक. 'प्रभात' पुण्याला गेल्यावर १९३९ साली त्यांनी 'माणूस' काढला. गणपत हा पोलीस शिपाई धाडीच्या वेळी मैना या वेश्येला वाचवतो आणि दोघांत जीव गुंततो. तो तिला आईकडे नेतो. ती कोण हे आईला ठाऊक नसते, आणि म्हणूनच आई तिला जवळ करते. हा प्रसंग मला या चित्रपटाचा कणा वाटतो, कारण मैनेला ती माया सोसत नाही. आपल्याला मिळणारा मान आपले नाव झाकल्यामुळे मिळतो आहे, हे तिला कळते. शांतारामबापूंनी चित्रपटाचे नाव 'माणूस' ठेवले, परंतु नुसते माणूस म्हणून कुणाच्या घरात शिरता येत नाही, हेच त्यात दिसते. या प्रामाणिकपणामुळे तो आजही पाहावा.

'दो आँखें बारह हाथ' (१९५७) याच्याबद्दल मात्र माझे मन साशंक आहे. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूरला खुल्या तुरुंगाचा जो प्रयोग झाला, त्यावरून ही कथा सुचली. ग. दि. माडगूळकरांनी ती लिहिली आणि १९५८ साली बर्लिनला तिचा गौरव झाला. आदिनाथ नावाचा जेलर सहा खुनी कैद्यांना उजाड माळावर नेतो, त्यांच्यावर विश्वास टाकतो, त्यांच्या हातून मळा पिकवतो आणि अखेर त्यांच्यासाठी प्राण देतो. हेतू थोर आहे, चित्रण प्रभावी आहे. पण नाव पुन्हा एकदा वाचा. डोळे एकाचे, हात सहा जणांचे. पाहायचे, ओळखायचे, दिशा दाखवायची ती एकाने, आणि राबायचे बाकीच्यांनी. अशी वाटणी आम्हाला नवी नाही. कैद्यांनी जेलरला काय दिले, हा प्रश्न चित्रपट फारसा विचारत नाही.

येथे मूळ मुद्दा येतो. जातिव्यवस्था मदतीच्या विरोधात नाही. वरच्याने खालच्याला देणे तिला मान्य आहे. त्याला दान म्हणतात, दया म्हणतात, आणि त्याने पुण्य लागते. तिला मंजूर नाही ते खालच्याच्या हातून वरच्याने घेणे. शिळी भाकर खाली येऊ शकते, पाण्याचा पेला वर जाऊ शकत नाही. त्यामुळे सवर्ण नायकाने दलिताला वाचवण्याच्या कथेत व्यवस्थेचा एकही टाका उसवत नाही, प्रेक्षकही डोळे पुसून निवांत घरी जातो. बिमल रॉय यांच्या 'सुजाता'त (१९५९) अस्पृश्य मुलीचे रक्त तिला वाढवणाऱ्या आईला चालते. तेथे देण्याची दिशा उलटली आहे, हे कबूल. पण ते सुईतून जाते आणि आई त्या वेळी शुद्धीवर नसते. शुद्धीत असताना त्याच मुलीच्या हातचे पाणी पिणे अधिक अवघड होते.

म्हणून मला कोल्हापुरातली एक जुनी हकिकत कोणत्याही चित्रपटापेक्षा मोठी वाटते. शाहू महाराजांचा जन्म १८७४ साली याच कसबा बावड्यात, लक्ष्मी-विलास राजवाड्यात झाला. त्यांच्या चाकरीतल्या गंगाराम कांबळे यांना पाण्याला शिवल्याबद्दल सवर्ण सहकाऱ्यांनी मारहाण केली होती. महाराजांनी त्यांना चहाचे दुकान काढायला मदत केली. येथे थांबले असते तर ते राजाचे औदार्य ठरले असते. पण महाराज त्या दुकानासमोर गाडी थांबवून गंगारामांच्या हातचा चहा प्यायले. गंगारामांचे नाव साऱ्या शहराला ठाऊक होते. नाव कळल्यानंतर, भर रस्त्यात, त्यांच्या हातून घेणे, यात त्या घटनेचे सारे बळ आहे. राजा होता म्हणून पचले, असे कुणी म्हणेल. खरे आहे ते. राजा नसलेल्या किती जणांनी तसे केले, याचाही हिशेब मग मांडावा लागेल.

अलीकडच्या मराठी चित्रपटांत 'सैराट'ने (२०१६) हा हिशेब मांडला आहे. त्यातल्या प्रेमकथेवर आणि शेवटावर भरपूर बोलले गेले. हैदराबादेत आर्ची आणि परश्याला आसरा देणाऱ्या सुमनअक्काबद्दल मात्र कमी बोलले गेले. डोशाची गाडी चालवणारी, झोपडपट्टीत राहणारी ही बाई. रात्री गुंड त्या दोघांच्या मागे लागतात तेव्हा ती मध्ये पडते. जातीची चौकशी करून मग खोली देत नाही. ती कुणी सुधारक नाही, तिच्याकडे भाषणही नाही. आणि तिची मदत एकतर्फी राहत नाही, परश्या तिच्याच गाडीवर राबू लागतो. याच्या समोर शेवटचा प्रसंग ठेवा. आर्चीच्या माहेरचे लोक आईने दिलेल्या भेटवस्तू घेऊन येतात, घरात बसून चहा पितात. सगळी नावे, सगळी नाती ठाऊक असलेली ही माणसे. परक्या बाईने छप्पर दिले आणि सख्ख्यांनी गळे कापले. नागराज मंजुळे यांनी ओळख आणि आपुलकी यांचा सांधा निखळवून दाखवला आहे.

युरोपातही असे एक उदाहरण आहे. फिनलंडचे दिग्दर्शक आकी कौरिस्माकी यांच्या 'ल हाव्र' (२०११) या चित्रपटात बंदरातल्या मालाच्या पेटीतून लपून आलेल्या आफ्रिकन मुलाला एक म्हातारा बुटपॉलिशवाला घरात लपवतो. लोकांच्या पायांशी बसून पोट भरणारा हा माणूस, आणि गल्लीतले पाववाले, किराणावाले त्याच्या पाठीशी उभे राहतात. मुलगा कोण, कुठला, हे सर्वांना ठाऊक असते, पोलीस त्याच्या शोधात असतात, तरीही. आणि म्हाताऱ्याला गावाबाहेर जावे लागते तेव्हा त्याच्या आजारी बायकोकडे दवाखान्यात हाच मुलगा जाऊन येतो. पॅरिसहून किंवा दिल्लीहून कुणी उद्धारक यावा लागत नाही.

आमच्या गावाला याचा अनुभव नाही असे नाही. बावड्याचा राजाराम बंधारा म्हणजे पंचगंगेच्या पुराची मोजपट्टी. पाणी ३९ फुटांवर गेले की इशारा, ४३ फुटांवर धोका. २०१९ च्या ऑगस्टमध्ये ते ५५ फुटांच्या वर गेले. त्या रात्री होडीत कोण कुणाला ओढून घेत होते, याची कुणी चौकशी केली नाही. आमच्या गल्लीतल्या पोरांनी बंगल्यांतली म्हातारी माणसे पाठीवरून आणली. त्यातली एक आजी दोन दिवस आमच्या ओळखीच्या घरात राहिली, जेवली, चहा प्यायली. पाणी ओसरले आणि चौथ्या-पाचव्या दिवशी एका ठिकाणी मदतीचे साहित्य वाटताना गल्लीवार यादी निघाली. आमच्या गल्लीचे नाव वाचताना वाटणाऱ्याचा आवाज बदलला, आणि आम्हाला बाजूच्या वेगळ्या रांगेत उभे राहायला सांगितले गेले. त्सुनामीनंतर २००४-०५ साली तमिळनाडूच्या किनाऱ्यावर मदत छावण्यांत दलितांना वेगळे काढले गेले, त्याचे अहवाल प्रसिद्ध झाले आहेत. आमची गोष्ट त्या मानाने किरकोळ. त्या आजी अजून रस्त्यात भेटल्या की थांबून बोलतात, हेही सांगितले पाहिजे.

ज्या मुलीने आडनावाचा प्रश्न विचारला, ती २०१९ साली लहान होती. त्या रांगेत आईचा पदर धरून ती उभी होती, हे मला तिच्या आईकडून नंतर कळले.

मुलांना पुढच्या खेपेस 'सामना' दाखवायचा विचार आहे. जब्बार पटेल यांचा तो चित्रपट १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात होता. साखरसम्राटाच्या गावात कुठून तरी आलेला एक दारुडा मास्तर, कधीही न भेटलेल्या मारुती कांबळेचे काय झाले ते विचारत सुटतो. मास्तर परका आहे, कांबळे मेलेला आहे, त्यामुळे परतफेडीचा प्रश्नच उद्भवत नाही. या मदतीला आपल्या मोजमापात कुठे बसवायचे, ते मला अजून ठरवता आलेले नाही. बावड्यात साखर कारखाना आहे, उसाचे राजकारण मुलांना घरातूनच कळते, तेव्हा चर्चा रंगेल असे वाटते.