रक्तचंदन : चार डोंगरांचं झाड
सहाणेवर उगाळून सुजेवर लावायची ती रक्तचंदनाची लाल बाहुली अजूनही कित्येक फडताळांत सापडेल. तिचं झाड मात्र मुख्यतः दक्षिण आंध्रातल्या शेषाचलम, वेलिकोंडा, लंकामल, पालकोंडा या डोंगररांगांचं. तिथल्या खडकाळ, कोरड्या उतारांवरच ते आपसूक उगवतं. चंदनाशी त्याचं नातं नाही, तसा वासही नाही. ते आपल्या बिबळा या झाडाचं भाऊबंद : तशीच चपटी, पंखाची गोल शेंग, आत एखाद-दुसरं बी. साल काळपट, मगरीच्या पाठीसारखी चौकोनी भेगाळलेली. लाल रंग सगळा आतल्या गाभ्यात, आणि तो गाभा इतका जड की पाण्यात टाकला तर थेट तळाशी. वाढ मात्र भलतीच संथ. चीनमध्ये त्याचं उंची फर्निचर होतं, जपानात शामिसेन हे तंतुवाद्य. नागमोडी रेषांच्या ओंडक्याचा भाव तर विचारूच नका. १९९५पासून वन्य प्राणी-वनस्पतींच्या व्यापारावर नियंत्रण ठेवणाऱ्या ‘साइटिस’ या आंतरराष्ट्रीय कराराच्या दुसऱ्या परिशिष्टात नाव आहे, तरी तस्करी थांबलेली नाही. ‘पुष्पा’ चित्रपटामुळे रक्तचंदनाचा तस्कर घरोघरी पोचला, झाड काही पोचलं नाही! जप्त केलेले ओंडके आंध्र सरकार लिलावात विकतं.