तैनातीच्या पगारात गेलेले खोरे

अंबरनाथ सुटले की बदलापूरकडे जाणाऱ्या लोकलच्या उजव्या खिडकीतून मलंगगड दिसतो. ऑगस्ट १७८० मध्ये कॅप्टन ॲबिंग्टन नावाचा इंग्रज अधिकारी आपली तुकडी घेऊन या गडावर चालून गेला. खालची माची त्याने घेतली, पण गडावरची शिबंदी बालेकिल्ल्यावर चढून बसली आणि तिथून काही केल्या हलेना. मग मराठी फौजांनी उलट त्यालाच कोंडीत धरले. वेढा घालायला आलेला स्वतःच वेढला गेला. ऑक्टोबरात कर्नल हार्टली कल्याणच्या बाजूने मदतीला आला, तेव्हा कुठे तो सुटला. बालेकिल्ला शेवटपर्यंत इंग्रजांच्या हाती लागला नाही.

यानंतर ३७ वर्षांनी, १३ जून १८१७ रोजी, पुण्यात एका कागदावर पेशव्यांचा शिक्का उमटला आणि कल्याण प्रांत इंग्रजांचा झाला. त्यासाठी उल्हास नदीच्या या खोऱ्यात एक गोळीही झाडावी लागली नाही. हा प्रांत मदतीला बोलावलेल्या फौजेच्या खर्चापोटी तोडून दिला गेला. मधल्या काळात काय घडले, याचा हा मागोवा.

राघोबादादांचा सौदा

गोष्ट सुरू होते घरातल्या भांडणापासून. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला. त्यांचे चुलते रघुनाथराव, म्हणजेच राघोबादादा, गादीवर बसले, पण बारभाईंनी, म्हणजे पुण्यातल्या कारभाऱ्यांच्या मंडळाने, त्यांना टिकू दिले नाही. दादा आश्रयाला गुजरातेत गेले आणि तिथून मुंबईकर इंग्रजांशी बोलणी सुरू झाली. इंग्रजांना काय हवे होते, यात काही गुपित नव्हते. मुंबई बंदराच्या पाठीशी असलेली साष्टी आणि चिमाजीअप्पांनी १७३९ मध्ये पोर्तुगीजांकडून घेतलेली वसई, या दोन जागांवर त्यांचा कधीचा डोळा होता. १७७४ च्या डिसेंबरात, म्हणजे तह व्हायच्या आधीच, त्यांनी ठाण्याचा किल्ला घेतला होता.

मार्च १७७५ मध्ये सुरतेला तह झाला. इंग्रजांनी अडीच हजारांची फौज द्यायची, तिच्या खर्चासाठी दादांनी दरमहा दीड लाख रुपये मोजायचे, तारण म्हणून सहा लाखांचे जडजवाहीर ठेवायचे आणि साष्टी व वसई कायमची इंग्रजांना द्यायची. व्यवहार नीट पाहिला तर ध्यानात येते की मदत एका कामापुरती होती आणि जमीन मात्र कायमची जाणार होती.

दोस्त दूरचा असला की आणखी एक पंचाईत होते, ती दादांनी लगेच अनुभवली. तह केला मुंबईने. कलकत्त्याच्या कौन्सिलने तो रद्द ठरवून कर्नल अप्टनला पुण्याकडे धाडले आणि १ मार्च १७७६ रोजी पुरंदरचा नवा तह केला. त्यावरची शाई वाळते न वाळते तोच सुरतेचाच तह आपल्याला पसंत असल्याचे लंडनच्या संचालकांनी कळवले. दादांचा दोस्त एक होता, पण त्याला तोंडे तीन होती आणि त्यातले सर्वांत मोठे तोंड कित्येक महिन्यांच्या समुद्रप्रवासापलीकडे होते.

तरीही त्या वेळी इंग्रजांचा डाव फसला. दादांना गादीवर बसवायला निघालेली मुंबईची फौज पनवेलहून बोरघाट चढली. कार्ल्याजवळ तिचा धडाडीचा कॅप्टन स्टुअर्ट पडला. मराठ्यांनी त्याला ‘इष्टुर फाकडा’ म्हणून लक्षात ठेवले. जानेवारी १७७९ मध्ये वडगावला या फौजेने शरणागती पत्करली. पुढे १७८० मध्ये कल्याण इंग्रजांनी घेतले, डिसेंबरात वसईही पडली. पण एप्रिल १७८१ मध्ये बोरघाटातून माघार घेणाऱ्या जनरल गॉडर्डला हरिपंत फडके आणि परशुरामभाऊ पटवर्धनांनी पनवेलपर्यंत सोलून काढले. मे १७८२ मध्ये सालबाईचा तह झाला. साष्टी गेली ती गेलीच. वसई आणि कल्याण मात्र परत मिळाले.

हे जमले कशामुळे? दादा इंग्रजांच्या छावणीत होते, पण राज्य त्यांच्याबरोबर गेले नव्हते. पुण्यात नाना फडणवीस, मैदानात महादजी शिंदे, घाटात हरिपंत. त्यांचे आपसात पटत नव्हते, पण या एका बाबतीत सगळे एका बाजूला होते. परक्या फौजेशी करार एका माणसाने केला होता, राज्याने नव्हे.

मुलाने केलेला तह

वीस वर्षांत चित्र पालटले. १७९४ मध्ये महादजी गेले, १८०० मध्ये नाना. पेशवा होता राघोबादादांचाच मुलगा, दुसरा बाजीराव. १८०१ मध्ये त्याने विठोजी होळकरांना पुण्यात हत्तीच्या पायी दिले. त्यांचा भाऊ यशवंतराव चालून आला आणि २५ ऑक्टोबर १८०२ रोजी हडपसरला त्याने पेशव्यांची व शिंद्यांची एकत्र फौज मोडली. बाजीराव कोकणात उतरला, महाडहून किनाऱ्याला लागला आणि इंग्रजी जहाजाने वसईला पोचला. बापाने जी वसई इंग्रजांना देऊ केली होती, तिथेच ३१ डिसेंबर १८०२ रोजी मुलाने तह केला.

वसईचा तह शाळेत सगळ्यांनी वाचलेला असतो, पण त्याची कलमे फारशी कुणाला आठवत नाहीत. किमान सहा हजार पायदळ, तोफा आणि गोरे गोलंदाज यांसह ईस्ट इंडिया कंपनीची तैनाती फौज पेशव्यांच्या मुलखात कायम राहणार. तिच्या खर्चाला सालीना २६ लाखांचा मुलूख तोडून द्यायचा. इंग्रजांशी वैर असलेल्या युरोपीय राष्ट्रांची माणसे चाकरीत ठेवायची नाहीत. निजाम आणि गायकवाड यांच्याशी असलेल्या वादांत निवाडा कंपनी करणार. कंपनीला विचारल्याशिवाय कुणाशी युद्ध नाही, तह नाही.

बाजीरावाला हवे ते मिळाले. मे १८०३ मध्ये आर्थर वेलस्लीच्या संगिनींच्या आधाराने तो पुन्हा पुण्यात गादीवर बसला. शिंदे आणि भोसले या तहावर उखडले, आणि त्याच वर्षी असई व अडगावला त्यांचा पराभव झाला. बाजीरावाला वाचवण्यासाठी केलेल्या तहाने वर्षभरात मराठेशाहीचे बाकीचे खांब हलवले.

खरा परिणाम मात्र त्यानंतरच्या शांततेच्या दिवसांत दिसतो. १८११ मध्ये माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन पुण्याचा रेसिडेंट, म्हणजे दरबारातला कंपनीचा वकील, झाला. पुढच्याच वर्षी पेशवा आणि त्याचेच दक्षिणेतले जहागीरदार यांच्यातली तडजोड पंढरपूरला त्याने घडवून आणली. धनी आणि चाकर यांच्या मधोमध आता पाहुणा बसला होता. पटवर्धनांसारख्या सरदारांनीही यातून धडा घेतला: जहागीर टिकवायची तर शनिवारवाड्याचे उंबरे झिजवण्यापेक्षा संगमावरची रेसिडेन्सी बरी.

१८१५ मध्ये गायकवाडांचे वकील गंगाधरशास्त्री यांचा पंढरपुरात खून झाला. संशय बाजीरावाच्या मर्जीतल्या त्रिंबकजी डेंगळ्यांवर आला. इंग्रजांनी त्यांना ठाण्याच्या किल्ल्यात ठेवले आणि सप्टेंबर १८१६ मध्ये ते तिथून निसटले. मे १८१७ मध्ये एल्फिन्स्टनने त्रिंबकजींना महिन्याभरात हजर करण्याची मागणी केली. तोवर तारण म्हणून सिंहगड, पुरंदर आणि रायगड मागितले. मग जूनमधला पुण्याचा तह झाला: मराठेशाहीच्या प्रमुखपणावर पाणी सोडा आणि पाच हजार घोडदळ व तीन हजार पायदळ यांच्या खर्चासाठी ३४ लाखांचा मुलूख द्या. या मुलखात बेलापूर, आटगाव, कल्याण आणि तिथून उत्तरेला गुजरातपर्यंतचे सारे कोकण होते. उल्हासचे खोरे गेले ते असे. नोव्हेंबरात बाजीराव खडकीला लढला, तेव्हा लढायला उरले होते फार थोडे. ३ जून १८१८ रोजी तो शरण गेला आणि सालीना आठ लाखांचे पेन्शन घेऊन बिठूरला जाऊन राहिला.

याच खोऱ्यात, सिंधमधून आलेले

दुसऱ्या महायुद्धात इंग्रजांनी कल्याणजवळ सैनिकांसाठी मोठी छावणी बांधली. फाळणीनंतर तिच्या बराकींत सिंधमधून आलेली कुटुंबे राहिली आणि १९४९ मध्ये तिचे नाव उल्हासनगर झाले. ‘कॅम्प नंबर चार’, ‘कॅम्प नंबर पाच’ हे पत्ते आजही त्या छावणीचेच आहेत.

या कुटुंबांच्या मागच्या पिढ्यांनीही हीच कहाणी पाहिली होती. १८३२ च्या तहात सिंधच्या तालपूर अमिरांनी इंग्रजांना सिंधू नदी व्यापारासाठी खुली करून दिली होती, तीही युद्धसामग्री न नेण्याच्या अटीवर. १८३८ मध्ये सिंधमधल्या हैदराबादला रेसिडेंट आला. १८३९ मध्ये इंग्रजांनी कराची घेतली आणि तैनाती फौज व तिचा खर्च अमिरांच्या गळ्यात पडला. शेवटी नवा, आणखी कडक तह पुढे आला आणि १७ फेब्रुवारी १८४३ रोजी मियानीची लढाई झाली. सिंध मुंबई इलाख्याला जोडला गेला आणि १९३६ पर्यंत तिथेच राहिला. मराठी आणि सिंधी माणसे फाळणीनंतर शेजारी झाली, पण एकाच कंपनीच्या एकाच नमुन्याच्या कराराखाली ती त्याआधी शंभराहून अधिक वर्षांपूर्वीच आली होती.

वसईच्या तहाचे सगळे खापर आपण बाजीरावाच्या भित्रेपणावर फोडतो. भित्रेपणा होता, नाकारायचे कारण नाही. पण अमीर मियानीला लढले, तरी त्यांचा शेवट वेगळा झाला नाही. राज्यकर्ता कसा होता यापेक्षा कलमे काय होती, ते महत्त्वाचे. फौज आपल्या अंगणात, तिचा पगार आपल्या जमिनीतून आणि वादाचा निवाडा तिच्या धन्याकडे: या तीन गोष्टी एकदा लिहून दिल्या की पुढचे भांडण कशावरून होते, त्रिंबकजीवरून की नदीवरून, याला फारसा अर्थ राहत नाही.

याउलट, स्वतंत्र भारताने ९ ऑगस्ट १९७१ रोजी सोव्हिएत संघाशी मैत्रीचा करार केला, तोही बांगलादेश युद्धाच्या तोंडावर, एका दूरच्या महासत्तेशी. त्याच्या नवव्या कलमात हल्ल्याचे संकट आल्यास आपसात सल्लामसलत करण्याचे वचन होते. पण सोव्हिएत पलटणी इथे कायमच्या मुक्कामाला आल्या नाहीत आणि शस्त्रांचे पैसे रुपयाच्या व्यवहारात फिटत राहिले. त्यालाही किंमत होतीच. १९९१ मध्ये सोव्हिएत संघ मोडला आणि सुट्या भागांसाठी आपल्या सैन्यदलांची ओढाताण झाली. शस्त्रे परकी असली की मैत्रीचा लगाम थोडा तरी दुसऱ्याच्या हाती राहतो. अंबरनाथच्या ऑर्डनन्स फॅक्टरीसारखे कारखाने देशात का हवेत, याचे उत्तर त्यात आहे. पण सुट्या भागांची टंचाई पुढे भरून काढता येते. पगारापोटी तोडून दिलेला कल्याण प्रांत मात्र पेशव्यांना पुन्हा मिळाला नाही.