पडद्यावरची तालीम

'लायब्ररी' हा शब्द ऐकला की आपल्या डोळ्यांपुढे पुस्तकांची कपाटे उभी राहतात. संगणकातही लायब्ररी असते. मात्र तीत परिपथांचे सुटे भाग ठेवलेले असतात.

'प्रोटिअस' हे इंग्लंडमधील लॅबसेंटर इलेक्ट्रॉनिक्स कंपनीचे सॉफ्टवेअर. त्यात विद्युत परिपथ पडद्यावर जोडून चालवताही येतो. २००५ साली इटलीतील इव्रेआ गावी जन्मलेला 'आर्डुइनो' हा मायक्रोकंट्रोलर-बोर्ड प्रोटिअसच्या जुन्या आवृत्त्यांत नव्हता. ही उणीव बाहेरच्या अभ्यासकांनी स्वतः लायब्ऱ्या रचून भरून काढली.

अशा लायब्ररीत बहुधा दोन फाइली असतात. एकीच्या नावाअखेर 'लिब' येते, दुसरीच्या 'आयडीएक्स'. पहिली म्हणजे ग्रंथ, दुसरी त्याची सूची. दोन्ही प्रोटिअसच्या 'लायब्ररी' या फोल्डरमध्ये ठेवाव्यात. आठव्या आवृत्तीत ते बहुधा 'प्रोग्रॅमडेटा'खाली असते. विंडोज ते लपवून ठेवते, म्हणून लपलेली फोल्डरे दिसण्याची सोय आधी करावी. मग सॉफ्टवेअर पुन्हा उघडावे, 'पी' ही कळ दाबावी आणि बोर्डाचे नाव शोधावे.

बोर्ड सापडला तरी लगेच चालत नाही. आपण लिहिलेल्या आज्ञावलीची 'हेक्स' फाइल तयार करावी लागते. बोर्डाच्या चित्रावर दोनदा टिचकी मारून 'प्रोग्रॅम फाइल' या रकान्यात तिचा पत्ता द्यावा लागतो. तोवर बोर्ड म्हणजे संहितेविना रंगमंचावर आलेला नट!

मी पहिल्याच खटपटीत रेझिस्टर न लावता एलईडी थेट जोडला. पडद्यावर तो झकास लुकलुकला. विज्ञान शाखेतला मित्र मात्र हसला. आर्डुइनो ऊनोवरील एटीमेगा ३२८पी या चिपच्या एका पिनेतून जास्तीत जास्त ४० मिलिअँपिअर प्रवाह जाऊ द्यायचा असतो. मर्यादा ओलांडली तर चिप निकामी होऊ शकते. पडद्यावर काहीच जळले नव्हते!

लायब्ररीच्या कर्त्याने जेवढे लिहिले, तेवढेच ती जाणते. ग्रंथ हाती घेताना आपण विचारतो, तेच इथेही विचारावे: कर्ता कोण आणि त्याने काय गाळले? काही लायब्ऱ्यांबरोबर 'डीएलएल' फाइलही येते. ती आपल्या संगणकावर प्रत्यक्ष चालणारी आज्ञावली असल्याने अनोळखी ठिकाणाहून मुळीच घेऊ नये.

बोर्ड विकत घेणे न परवडणाऱ्या विद्यार्थ्याला ही मोठीच सोय आहे. पण मित्रहो, तालीम कितीही रंगली तरी प्रयोग तो प्रयोगच!