गडगडलं की हिरवी पिन ओढू नका

डिचोली, साखळी, मये, पिळगाव, कुठेही जा. वैशाखात वळवाचे ढग घाटाकडून काळे होऊन आले की घरोघरी राउटरच्या मागची हिरवी पिन ओढून काढली जाते. का, असं विचारलं की उत्तर ठरलेलं: ‘फायबरमधून वीज आत येते. शेजाऱ्यांचा राउटर तसाच जळला.’ राउटर जळतो, हे खरं. पण फायबरमधून वीज येत नाही. हा समज इतका पक्का बसलाय की त्यापायी चांगल्या चाललेल्या लाईनी घरचीच माणसं बिघडवून बसतात.

फायबर म्हणजे शुद्ध सिलिकाची काच. तिच्यातून प्रकाश जातो, विद्युतप्रवाह जात नाही. समज कुठून आला तेही उघड आहे. पूर्वी इंटरनेट टेलिफोनच्या तांब्याच्या तारेवरून यायचं. ती तार खांबाखांबांवरून उघड्यावर धावायची. जवळपास वीज पडली की तिच्यात दाब चढायचा आणि मोडेम जायचा. तेव्हा तार काढून ठेवणं शहाणपणाचंच होतं. तार बदलली, सवय तशीच राहिली.

मग राउटर जळतो कशाने? बहुतेक वेळा अडॅप्टरमधून, म्हणजे विजेच्या लाईनीतून. दुसरी वाट लॅन केबलची. ती तांब्याची असते, आणि घरातून शेजारच्या दुकानात बाहेरून ओढलेली असेल तर धोका जास्त. काढायचंच असेल तर ही दोन काढा, तेही लांबून गडगडाट ऐकू येताच. विजा डोक्यावर आल्यावर तारांना हात लावू नका. सर्ज प्रोटेक्टर लावला असेल तर अर्थिंग खरोखर जमिनीपर्यंत पोचलंय का, हे वायरमनकडून तपासून घ्या.

एक गोष्ट मात्र मान्य केली पाहिजे. केबलमध्ये काच एकटी नसते. खांबावरून येणाऱ्या चपट्या काळ्या केबलला ताण सोसायला बहुधा पोलादी तार असते, जमिनीखालच्या काही केबलींना पोलादी कवच असतं, आणि धातूत विजेचा दाब चढू शकतो. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाने, म्हणजे आयटीयूने, के.२५ ही शिफारस ऑप्टिकल फायबर केबलींच्या संरक्षणासाठीच काढली आहे. म्हणून ती पोलादी तार बाहेरच हुकाला बांधून तिथेच तोडायची, भिंतीतून आत न्यायची नाही. आत येणाऱ्या केबलमधले ताणधागेही एफआरपीचे, म्हणजे अधातू, मागून घ्या. हे काम लाईन टाकतानाचं. दर वळवाला पिन ओढून ते साधत नाही.

पिन ओढल्याने काय होतं ते पाहा. हिरव्या टोपणातून अडीच मिलिमीटर जाडीची पांढरी सिरॅमिकची नळी डोकावते. तिचं तोंड ८ अंशांच्या कोनात घासलेलं असतं. त्याच्या मधोमध प्रकाश जाण्याची जागा साधारण ९ मायक्रॉन रुंद. माणसाचा केस याच्या कितीतरी पट जाड. डिचोलीची लाल धूळ सगळ्यांना ठाऊक आहे. तिचा एक कण त्या तोंडावर बसला की प्रकाश अडतो. प्रकाश मोजायच्या मीटरवर उणे २० डीबीएम दिसत होतं तिथे उणे २७ दिसू लागलं, तर प्रकाश पाचपटीने घटला असं समजा. नेहमीच्या ‘बी प्लस’ वर्गाच्या उपकरणाची हद्द उणे २७ हीच. त्याखाली गेलं की सिग्नल तुटल्याचा लाल एलओएस दिवा लागतो आणि तक्रार जाते, ‘पावसाने लाईन गेली.’ पिन शर्टाला पुसू नका, फुंकरही मारू नका. थुंकीचे थेंब चिकटतात. पिन निघालीच तर लगेच टोपण लावा आणि क्लीनर पेनने साफ केल्याशिवाय परत बसवू नका. निळी पिन हिरव्या खाचेत बसते म्हणून चालते असंही नाही. निळीचं तोंड तिरकं घासलेलं नसतं, दोघींत फट राहते.

बाकीचे समज थोडक्यात. काच वाकवली की तुटते? घरात वापरायची जी.६५७.ए२ काच साडेसात मिलिमीटर त्रिज्येपर्यंत वाकलेली चालते, जुन्या जी.६५२ काचेला मात्र ३० मिलिमीटर द्या. औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यात फायबरला वेगळा ट्रे हवा, कारण विजेच्या केबलींचा ‘करंट’ सिग्नल बिघडवतो? काचेतला सिग्नल बिघडत नाही. वेगळा ट्रे हवा तो जड केबलींखाली ती चेपू नये म्हणून. ट्रेत नायलॉनचा टाय करकचून आवळला की केबल पक्की बसते? बसते, पण आतली काच दाबली जाऊन प्रकाश गळतो. वेल्क्रोची पट्टी सैल बांधा. ट्रेत नुसतं फायबर आहे म्हणून लोखंडी ट्रेला अर्थिंग नको? हवंच, उद्या कोणीतरी त्याच ट्रेवरून विजेची केबल नेईल. आणि तुटलेल्या टोकात डोळा घालून ‘लाईट येतोय का’ बघणं आजच थांबवा: घरी येणारा प्रकाश १४९० नॅनोमीटरचा, म्हणजे अवरक्त. तो दिसत नाही, पण लेसरचाच असतो.