टेडी वेदरफर्ड : स्विंगच्या बहरात घरी नसलेला पियानोवादक

अमेरिकेतल्या स्विंगचा, म्हणजे जाझच्या नाचत्या प्रकाराचा, काळ साधारणपणे २१ ऑगस्ट १९३५पासून मोजतात. त्या रात्री लॉस एंजेलिसच्या पालोमार बॉलरूममध्ये बेनी गुडमनच्या बँडने तरुणांना वेड लावलं. पुढची दहाएक वर्षं रेडिओवर, रेकॉर्डींवर, नाचघरांत हेच संगीत. या बहराच्या इतिहासात टेडी वेदरफर्डचं नाव फार तर तळटीपेत सापडतं, कारण तेव्हा तो तिथे नव्हताच.

जन्म १९०३चा, व्हर्जिनियातल्या पोकाहॉन्टस गावचा. जाझ शिकला न्यू ऑर्लिन्समध्ये, नाव काढलं शिकागोत. तिथल्या व्हेन्डोम थिएटरात मूकपटांना साथ करणाऱ्या अर्स्किन टेटच्या वाद्यवृंदात तो पियानोवर होता. १९२६ साली या मंडळींनी ‘स्टॅटिक स्ट्रट’ ध्वनिमुद्रित केलं; ट्रम्पेट लुई आर्मस्ट्राँगचा. त्यात वेदरफर्डची पाळी येते तेव्हा जरूर कान द्यावा. डावा हात नुसता ठेका धरून बसत नाही, उजव्याशी झोंबत राहतो. आर्मस्ट्राँगच्या शेजारीही हा माणूस फिका पडत नाही. तेवीस वर्षांचाही नव्हता तो!

त्याच वर्षी जॅक कार्टरच्या बँडबरोबर तो आशियात गेला आणि तिकडचाच झाला. कृष्णवर्णीय वादकाला मायदेशी मागच्या दाराने यावं लागे. शांघायात त्याला मानाने बोलावलं जाई. कवी लँगस्टन ह्यूज १९३३मध्ये तिथे गेला होता. टेडी आत शिरला की लोक टाळ्या वाजवू लागतात, असं त्याने लिहून ठेवलं आहे. १९३४ला वेदरफर्ड अमेरिकेत आला तोही शांघायच्या कॅनिड्रोम बॉलरूमसाठी बँड न्यायला. त्याने निवडलेला ट्रम्पेटवादक बक क्लेटन पुढे परतला, काउंट बेसीच्या बँडमध्ये गेला आणि स्विंगच्या अव्वल वादकांत गणला गेला. निवडणारा मात्र विस्मरणात गेला, हे मला फार लागतं.

१९३७ला पॅरिसमध्ये त्याने ‘स्विंग’ याच नावाच्या कंपनीसाठी एकट्याने पियानो ध्वनिमुद्रित केला. त्याच सुमाराच्या वर्षांत तो मुंबईच्या ताजमहाल हॉटेलातही वाजवत होता, आधी ट्रम्पेटवादक क्रिकेट स्मिथच्या हाताखाली, मग स्वतःचा बँड घेऊन. महायुद्धात कलकत्त्याचं ग्रँड हॉटेल त्याचं ठिकाण झालं. तिथे गोऱ्या-काळ्या अमेरिकन सैनिकांसाठी त्याचा बँड वाजे, रेडिओवरून प्रक्षेपित होई. २५ एप्रिल १९४५ला कॉलऱ्याने त्याच शहरात तो गेला. वय अवघं एक्केचाळीस.

ताजमध्ये या अमेरिकनांच्या जोडीने गोव्याचा फ्रँक फर्नांड ट्रम्पेट वाजवत असे. पुढे तो हिंदी चित्रपटसंगीतात आला. त्याच वाटेचा, आर्मस्ट्राँगला गुरुस्थानी मानणारा ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट, म्हणजे अँटोनियो झेवियर वाझ, संगीतकार सी. रामचंद्रांकडे होता. ‘अलबेला’ चित्रपटातली ब्रासची ती उसळी त्याच्या हातची. वेदरफर्डचा हिशेब मांडायचा तर शिकागोच्या एका रेकॉर्डीबरोबर ही नावंही त्यात धरायला हवीत.