हौशी दिग्दर्शिका : माया डेरेन

चित्रपट म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे नट-नट्या येतात, गाणी येतात, मोठमोठे स्टुडिओ आणि कोटींचे आकडे येतात. हे सारे वजा केले तर काही उरते का? आणि उरले, तर त्याला चित्रपट म्हणायचे का? या प्रश्नाला अमेरिकेतल्या एका स्त्रीने १९४३ साली, राहत्या घरात, एक जुना कॅमेरा हाती घेऊन उत्तर दिले. तिचे नाव माया डेरेन. आपल्याकडे हे नाव फारसे कुणाच्या कानावर नाही, म्हणून तिची ओळख करून देण्याचे योजिले आहे.

मायाचे मूळ नाव एलेनोरा देरेनकोव्स्का. जन्म २९ एप्रिल १९१७ रोजी युक्रेनमधील कीव्ह शहरात, ज्यू कुटुंबात. वडील मानसोपचारतज्ज्ञ. ज्यूंवरील अत्याचारांमुळे १९२२ साली कुटुंब देश सोडून अमेरिकेत आले आणि आडनाव कापून सुटसुटीत झाले. माया काही काळ जिनिव्हाच्या शाळेत शिकली. पुढे १९३९ साली तिने स्मिथ कॉलेजातून इंग्रजी साहित्यात एम. ए. केले, प्रबंधाचा विषय फ्रेंच प्रतीकवादी कवींचा इंग्रजी कवितेवरील प्रभाव. म्हणजे मुळात ती तुमच्या-आमच्यासारखी कला शाखेचीच! ती कविताही लिहीत असे. पण मनात येत ती चित्रे, आणि त्यांचे शब्दांत भाषांतर करताना कविता फसे, असे तिने स्वतःच सांगितले आहे. कॅमेरा हाती आला आणि ही भाषांतराची कटकट संपली.

कॅमेरा आला त्याची हकीकत अशी. कॅथरिन डनहॅम या प्रसिद्ध कृष्णवर्णीय नर्तिकेच्या मंडळीत माया सचिव म्हणून काम करीत होती. मंडळी लॉस एंजेलिसला असताना तिची गाठ अलेक्झांडर हॅमिड या चेक चित्रपटकाराशी पडली. १९४२ साली दोघांनी लग्न केले. पुढच्या वर्षी वडील वारले आणि वारशाच्या पैशांतून तिने एक वापरलेला १६ मिलिमीटरचा बोलेक्स कॅमेरा घेतला. 'माया' हे नावही त्याच सुमारास हॅमिडने सुचविले. बुद्धाच्या आईचे ते नाव, आणि माया म्हणजे भ्रम. आपल्या घरात मात्र 'आजीची माया' म्हटले की निराळाच अर्थ निघतो. तो त्या दोघांना ठाऊक नसावा.

या कॅमेऱ्याविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. त्याला घड्याळासारखी चावी द्यावी लागे. एका चावीत जेमतेम अर्धा मिनिट चित्रण होई. शंभर फुटांचे रीळ सेकंदाला २४ चित्रांच्या गतीने पावणेतीन मिनिटांत संपे. आवाजाची सोय नाही. अशा यंत्राने संवादांनी भरलेली तीन तासांची गोष्ट सांगता येणारच नाही. मायाने ती सांगण्याचा हट्टच धरला नाही.

'मेशेस ऑफ द आफ्टरनून' हा तिचा पहिला चित्रपट अवघा चौदा मिनिटांचा. एक बाई दुपारी घरी येते. किल्ली हातातून निसटते. पावात सुरी खुपसलेली आहे, फोनचा रिसीव्हर खाली पडला आहे. ती खुर्चीत झोपते आणि स्वप्नात तेच सारे पुन्हा पुन्हा घडू लागते. दर वेळी थोडे बदलून. काळ्या वस्त्रातली एक आकृती पुढे चालली आहे, तिच्या चेहऱ्याच्या जागी आरसा आहे. टेबलाभोवती एकाच बाईच्या तीन बाया बसतात. किल्लीची सुरी होते. बाईची भूमिका मायाचीच, पुरुषाची हॅमिडची, आणि घर त्यांचे स्वतःचे.

यातले एक दृश्य मला सर्वांत मोलाचे वाटते. तिसरी बाई सुरी घेऊन झोपलेल्या बाईकडे निघते. खोलीतले अंतर चार-पाच पावलांचे. पण एक पाऊल समुद्रकाठच्या वाळूवर पडते, पुढचे गवतावर, मग फरसबंदीवर आणि शेवटी गालिच्यावर. चाल तुटत नाही, जमीन तेवढी बदलते. स्वतःला मारायला निघालेल्या माणसाला जणू सृष्टीच्या आरंभापासून चालत यावे लागते, असा अर्थ मायाने त्याचा लावला आहे. आपल्या हिंदी चित्रपटांतही नायक-नायिका एका ओळीला उटीत आणि दुसऱ्या ओळीला स्वित्झर्लंडात असतात, आणि कुणी हरकत घेत नाही! पण तिथे जागा बदलते ती नेत्रसुखासाठी. इथे चार तुकडे एकमेकांना चिकटवताच नवा अर्थ जन्मतो, आणि खर्च म्हणाल तर फिल्मचा आणि कात्रीचा.

हीच युक्ती १९४५ च्या एका छोट्या मूकपटात तिने आणखी पुढे नेली. टॅली बीटी हा नर्तक रानात पाय उचलतो तो घराच्या खोलीत टेकवतो. पुढे तो संग्रहालयात गिरक्या घेतो आणि अखेर एक उडी मारतो. ही उडी अनेक तुकड्यांची जोडून केलेली आहे. माणसाचे शरीर हवेत जेवढे राहू शकेल, त्याच्या कितीतरी पट ती लांबते. रंगमंचावर असे नृत्य होणे अशक्य. ते फक्त पडद्यावरच अस्तित्वात आहे.

एक गोष्ट इथे नोंदवायला हवी. 'मेशेस'चे छायाचित्रण मुख्यतः अनुभवी हॅमिडचे आहे, आणि त्या चित्रपटाचे श्रेय एकट्या मायाला देणे त्याच्यावर अन्यायाचे होईल. १९४७ साली ते विभक्त झाले.

चित्रपट केला, पण दाखवायचा कुठे? चित्रपटगृहांना चौदा मिनिटांच्या मूकपटाशी काय कर्तव्य! फेब्रुवारी १९४६ मध्ये तिने न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेज भागातले प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस हे नाट्यगृह भाड्याने घेतले आणि आपले तीन चित्रपट स्वतःच दाखवले. गर्दी लोटली. हे पाहून अमोस व्होगेल या तरुणाने १९४७ साली 'सिनेमा १६' ही चित्रपट मंडळी काढली. माया रिळे घेऊन विद्यापीठांतून हिंडली, व्याख्याने दिली, लेख लिहिले. १९४६ साली तिला गुगनहाइम शिष्यवृत्ती मिळाली, १९४७ साली कान महोत्सवात 'मेशेस'चा गौरव झाला.

१९५९ साली तिने हौशी आणि व्यावसायिक चित्रपटकारांवर एक छोटा लेख लिहिला. 'अमॅच्युअर' हा शब्द लॅटिनमधल्या प्रेम करणाऱ्यापासून आला आहे, याची आठवण देऊन ती म्हणते की हौशी माणसाकडे पैसा नसला तरी स्वातंत्र्य असते. ते त्याने वापरावे. आपणही 'हौशी' म्हणतो, पण बहुधा नाक मुरडून. स्नेहसंमेलनाच्या नाटकाला 'हौशी प्रयोग' म्हटले की पुढचे बोलायला नको.

तिचे म्हणणे मला पटते, पण पुरते नाही. तिचा कॅमेरा वडिलांच्या वारशातून आला होता. ज्या घरातून पहिलेच पोर कॉलेजात आले आहे, त्या घरात वारसा म्हणजे बहुतेक सोसायटीचे कर्ज. स्वातंत्र्यालाही थोडे भांडवल लागते, हे लेखात कुठे आलेले नाही. मात्र त्याची किंमत तिने स्वतः मोजली. अखेरची वर्षे ओढगस्तीत गेली. १३ ऑक्टोबर १९६१ रोजी मेंदूत रक्तस्राव होऊन ती वारली, तेव्हा ती चव्वेचाळीस वर्षांची होती. उपासमारीने तब्येत पोखरली होती, असे तिचे चरित्र लिहिणारे सांगतात.

तिचे सर्वांत मोठे काम अपुरेच राहिले. शिष्यवृत्तीवर ती १९४७ साली हैती बेटावर गेली, ती तिथल्या व्होडू धर्मातील नृत्यांवर चित्रपट करायला. १९५४ पर्यंत तिच्या खेपा चालू होत्या. सुमारे १८,००० फूट फिल्म तिने चित्रित केली. पण तिथल्या माणसांची श्रद्धा जवळून पाहिल्यावर आपल्या कलाकृतीसाठी तिची मोडतोड करणे तिला जमेना. चित्रपट बाजूला ठेवून तिने १९५३ साली 'डिव्हाइन हॉर्समेन' हा ग्रंथ लिहिला. रिळे डब्यांतच राहिली. तिचा शेवटचा पती, संगीतकार तेइजी इतो, आणि त्याची नंतरची पत्नी शेरेल यांनी पुढे ती जोडून त्याच नावाचा माहितीपट तयार केला.